कपलर कुठल्या बाजूनं पाहायचा?

लोणावळ्यात पावसाळ्याच्या चार महिन्यांत चार हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. भुशी डॅमच्या पायऱ्यांवर बसणाऱ्यांना त्याचं कौतुक असतं. गाडीच्या वायरिंगवर ज्याचं पोट आहे त्याला मात्र हा पाऊस वेगळ्याच ठिकाणी भेटतो. बॉनेट उघडायचं, कपलरचं लॉक दाबून तो ओढायचा, की तांब्याच्या पिनेवर हिरवं धरलेलं दिसतं. त्यात बंगलेवाल्यांच्या गाड्या. पाच दिवस शेडमध्ये उभ्या, शनिवारी चालू करायला जावं तर उंदरांनी वायरींचं प्लास्टिक सोलून ठेवलेलं.

पुढच्या संवादातली दोन माणसं मी रचलेली आहेत. मामा कामशेतला जुन्या हायवेवर गाड्यांची वायरिंग करतात. टेम्पो ट्रॅक्स आणि मिनीडोरच्या काळात हात तयार झालेला. भाची चाकणच्या एका कंपनीत इंजिनाच्या हार्नेसचं, म्हणजे वायरींच्या जुडग्याचं, डिझाइन बघते. वाद एकाच गोष्टीचा आहे: इंजिन चालवणाऱ्या त्या अल्युमिनियमच्या डब्याची, ईसीयूची, कुठली पिन कुठं जाते याचा कागद कुणाकडे असावा. गॅरेजात त्या डब्याला ईसीएम म्हणतात, कंपनीत ईसीयू. मीही ज्याचं त्याचं तसंच ठेवलं आहे.

मामा : एक गाडी ऐक. पेट्रोल. सकाळी झकास चालू होते, गरम झाली की पेट्रोल पिते, सायलेन्सर काळा. स्कॅनर लावला, कोड एकपण नाय.

भाची : लाइव्ह डेटा पाहिलात? कूलंटचं तापमान किती?

मामा : पस्तीस दाखवतोय. आणि रेडिएटरचा पाइप हातात धरवत नाय.

भाची : मग ईसीयूला इंजिन थंडच वाटतंय. तो सेन्सर गरम झाला की त्याचा रेझिस्टन्स उतरतो. वीस अंशाला दोन-अडीच किलोओहम, ऐंशीला तीनशे ओहमच्या आसपास. वाटेत कुठं गंजलेली पिन हजारेक ओहम घालत असेल, तर ईसीयूला बेरीज दिसते तेराशेची. तेराशे म्हणजे पस्तीस अंश. तो बिचारा थंड इंजिन समजून जास्त पेट्रोल सोडणार. कोडही येणार नाही, कारण पस्तीस अंश हे काही अशक्य तापमान नाही.

मामा : बरोबर. सेन्सर नवा टाकला, तरी पस्तीस. म्हंजे खोट वायरीत. आता ती वायर ईसीएमच्या कुठल्या पिनेवर जाते एवढं मला कळलं, तर दोन टोकांना मीटर लावून पाच मिनिटांत सांगतो. नाय कळलं तर डॅशबोर्डापासून टेप सोलत बसायचं. गिऱ्हाइकाची सुट्टी गेली, माझा दिवस गेला. आणि कळणार कुठून? कागद कंपनीकडं.

भाची : मामा, तुमच्या हातात तो कागद आला आणि तो चुकीचा असला तर?

मामा : चुकीचा कसा असंल? गाडीचं नाव आहे, साल आहे.

भाची : नाव आणि साल पुरत नाही. एकाच वर्षात एकाच गाडीला दोन पुरवठादारांचे ईसीयू असू शकतात. एप्रिल 2020 ला बीएस सिक्स लागू झालं, तेव्हा नाव तेच राहून आतलं सगळं बदललेल्या गाड्या तुम्हीच बघितल्यात. कपलर हुबेहूब, लॉक तेच, आत मात्र पिना हललेल्या. डब्यावरचा पार्ट नंबर जुळल्याशिवाय कागद उघडायचासुद्धा नाही.

मामा : पार्ट नंबर वाचता येतो मला.

भाची : मग हे सांगा. तुमच्या भिंतीवर लॅमिनेट केलेला जो कागद आहे, त्यातला कपलर कुठल्या बाजूनं काढलाय?

इथे मामा गप्प बसतात, आणि वाचकासाठी मला थोडं थांबावं लागेल. कपलरला दोन तोंडं असतात. वायरी ज्या बाजूने आत शिरतात ती मागची, आणि ईसीयूत जी बाजू बसते ती पुढची. मागून पाहताना एक नंबरची पिन डाव्या कोपऱ्यात असेल, तर पुढून पाहताना ती उजव्या कोपऱ्यात जाते. सगळी ओळ आरशातल्यासारखी उलटते. कंपनीच्या मूळ नकाशात कोपऱ्यात बारीक अक्षरांत लिहिलेलं असतं की हे चित्र वायरीच्या बाजूनं आहे की ईसीयूच्या. कागद फोनवरून फोनवर फिरताना कापला जातो तो नेमका तोच कोपरा. बॉशच्या काही डिझेल ईसीयूंवर 94 आणि 60 पिनांचे दोन कपलर असतात, मिळून 154 पिना. त्यातली ओळ उलटी वाचली तर तुम्ही ज्याला सेन्सरची वायर समजता ती इंजेक्टरची असू शकते. बऱ्याच कपलरवर, पिनांच्या कोपऱ्यात, पहिला आणि शेवटचा नंबर प्लास्टिकमध्ये उठवलेला असतो. बॅटरीच्या उजेडात तिरकं धरून तो वाचायचा, मगच मीटर लावायचा. हे न करणारा माणूस कितीही हुशार असला तरी मी त्याला माझी गाडी देणार नाही.

मामा : हां, वायरीच्या बाजूनं. असंल.

भाची : असंल? त्या सेन्सरांना ईसीयू पाच व्होल्ट देतो. ओळ उलटी वाचून तुम्ही त्या पाच व्होल्टच्या पिनेवर बारा व्होल्टचा जंपर दिलात, तर एक सेन्सर नाही, त्या पाच व्होल्टवर असलेले सगळे बसतील. ईसीयूसकट. नंतर गाडी टो करून आमच्याच सर्व्हिस सेंटरला येते, आणि गिऱ्हाईक म्हणतं कामशेतला काही केलं नव्हतं.

मामा : जंपर मी देत नाय. टेस्ट लॅम्प लावतो.

भाची : ते तर आणखी वाईट! 21 वॅटचा बल्ब पावणेदोन अँपिअर ओढतो. सिग्नलची वायर मिलिअँपिअरवाली. तिच्या जिवावर बेतेल.

मामा : आता माझं ऐक. मीटर खोटं बोलतं. अर्थची वायर घे, ईसीएमची अर्थ बॉडीला जिथं बोल्ट मारलेली असते ना, ती. आतल्या तारा सगळ्या गंजून तुटल्या आणि एकच तार राहिली, तर मीटर काय म्हणतंय? टीं. चांगली आहे. त्याला एक तार पुरते. गाडीला पुरत नाय. तिथं मी बल्ब लावतो. एका तारेवर बल्ब लाल पेटतो, पिवळा पेटतच नाय. तुझ्या कागदावर ही वायर 'अर्थ' अशी लिहिलेली आहे. ती अर्थ मेलीय हे कागद सांगतो का?

भाची : नाही. अर्थला बल्ब, बरोबर आहे तुमचं. आम्हीही लोड देऊनच व्होल्टेज ड्रॉप मोजतो. पण कुठली वायर अर्थ आणि कुठली सिग्नल हे आधी कळायला...

मामा : कागद लागतो.

भाची : हो. लागतो.

भाची इथे हरली असं मला वाटत नाही, पण मामांनी तिला तिच्याच वाटेने स्वतःच्या मुद्द्यावर आणलं. पिनआउट, म्हणजे पिनांचा हा कागद, हे ज्ञान नव्हे, पत्ता आहे. पत्त्यावर गेल्यावर काय करायचं ते हाताला येत असावं लागतं. पण पत्ताच लपवून ठेवला तर येणाऱ्याचं कौशल्य वाटेतच खर्ची पडतं.

भाची : तरी मी खुलं करायच्या विरोधात आहे. कारण सांगते. 2022 मध्ये लंडनला एका वाहन-सुरक्षा संशोधकाची स्वतःची टोयोटा चोरीला गेली. काच फुटली नाही, किल्लीची नक्कल नाही. चोरांनी पुढचा बंपर ओढून हेडलाइटच्या कपलरमधून कॅनच्या, म्हणजे गाडीतले डबे ज्यावर एकमेकांशी बोलतात त्या, दोन वायरी गाठल्या आणि खोटा संदेश घातला की किल्ली गाडीतच आहे. पिनेचा पत्ता बाहेर गेला की हे होतं.

मामा : त्या चोरानं तुमच्या साहेबाकडं अर्ज केला व्हता का कागदासाठी?

भाची : नाही.

मामा : मंग? त्याला मिळालाच ना? अडकलं कोण, तर मी. ज्याला रात्री गाडी न्यायची त्याला सगळं ठाऊक, ज्याला दिवसा दुरुस्त करायची त्याला काय नाय. आणि मला सांग, मागच्या सीटला बसून लॅपटॉपवर रिमॅप करणारी पोरं, प्रदूषण कमी करणारा ईजीआर बंद करून देणारी, त्यांना तुमचे कागद दिले कुणी?

भाची : त्यांच्या टूलमध्येच येतात. विकत.

मामा : व्हय ना.

भाची : पण म्हणून आम्हीही दार उघडं टाकायचं? प्रदूषण वाढलं तर उत्तर आम्हाला द्यावं लागतं, त्या पोरांना नाही.

मामा : दाराला कुलूप घाल ना. आत, सॉफ्टवेअरमध्ये घाल. किल्लीचा कोड, संदेशाला सही, काय म्हणतेस ते. पण दार कुठल्या भिंतीत आहे हे झाकून काय उपयोग? रिले बघ. तीस, पंच्याऐंशी, शहाऐंशी, सत्त्याऐंशी, प्लास्टिकवर छापलेलं असतं. तीसला बॅटरी, सत्त्याऐंशीला लोड. मी इंग्रजी शिकलो नाय पण हे चार आकडे मला मुंबईच्या, मद्रासच्या, कुठल्याही गाडीत चालतात. त्यानं कुणाची गाडी चोरीला गेली?

हे आकडे जर्मनीतल्या डिन 72552 या प्रमाणातून आले. तीस म्हणजे बॅटरीचा थेट सप्लाय, पंधरा म्हणजे किल्ली फिरवल्यावरचा, एकतीस म्हणजे अर्थ. स्टिअरिंगखालच्या तपासणीच्या सॉकेटचंही तसंच. सोळा पिनांचा तो ओबीडी कपलर कुठल्याही कंपनीचा असो, सोळाला बॅटरी, चारला बॉडी अर्थ, आणि कॅन असेल तर सहा आणि चौदावर त्याच्या दोन वायरी. भारतात 2010 पासून पहिल्या आणि 2013 पासून दुसऱ्या टप्प्याचं ओबीडी सक्तीचं झालं, आणि कामशेतच्या गॅरेजात साधा स्कॅनर चालू लागला तो या खुल्या पिनांमुळे. बॅटरी काढून सहा आणि चौदामध्ये मीटर लावलं तर साठ ओहम यायला हवेत, कारण लाइनच्या दोन टोकांना एकशेवीसचे दोन रेझिस्टर असतात. एकशेवीस आले तर एक टोक तुटलंय. हे कुणीही, कुणाची परवानगी न घेता मोजू शकतो. इथं खुलेपणाने काही बुडालं नाही. ईसीयूच्या कपलरपाशी आलं की तेच खुलेपण अचानक धोक्याचं कसं ठरतं, याचं समाधानकारक उत्तर भाचीकडे नव्हतं, आणि तिच्या बाजूने विचार करून पाहिला तरी मलाही सापडलं नाही.

तिची दुसरी तक्रार मात्र मला जास्त पटते.

भाची : मामा, कॅनची वायर तुटली तर कशी जोडता?

मामा : पिळा मारायचा, डाग द्यायचा, टेप.

भाची : कॅनच्या दोन वायरी एकमेकींवर पीळ घातलेल्या असतात, त्या का?

मामा : बाहेरचा आवाज घेऊ नये म्हणून. माहितीय.

भाची : मग जोडताना वीतभर पीळ सोडून दोन वायरी सरळ करता, त्याचं काय? आणि डाग दिलात की शिसं-कथील तारांच्या आत चढतं, वायर तिथं काडीसारखी कडक होते. इंजिन हललं की डागाच्या कडेलाच तुटते. म्हणून क्रिंप आणि वर गोंदवाली स्लीव्ह. अजून एक. वायर तपासायला तुम्ही सुई टोचता.

मामा : सगळेच टोचतात.

भाची : लोणावळ्यात टोचू नका. त्या भोकातून पाणी आत जातं, आणि तारांच्या फटींतून ते पुढं चढत जातं. टोचलं इंजिनाजवळ, आणि काही महिन्यांनी हिरवं सापडतं ईसीयूच्या कपलरात. तुमची ती पेट्रोल पिणारी गाडी, तिला आधी कुणी सुई टोचली होती का बघा.

मामा : बघितलं. टोचली व्हती.

भाची : कुणी?

मामा : ते सोड. सुईऐवजी कपलरच्या मागून पिन घालून मोजायचं म्हणशील, तर रबरी सील उचकटतंच की. पाणी तिथूनही शिरणार.

भाची : म्हणून मोजून झालं की सील पुन्हा नीट बसवायचं, आणि भोक पडलंच तर तिथं स्लीव्ह. पण मुळात पिन नंबर माहीत असेल तर कपलर काढून पुढच्या तोंडातून मोजता येतं, सुईची गरजच नाही.

मामा : बोलता बोलता तूच माझी बाजू घेतेस बघ.

खरं तर कागद द्यायचा की नाही, हा प्रश्न नुसत्या मतांवर सोडण्याजोगाही राहिलेला नाही. ऑगस्ट 2014 मध्ये भारतीय स्पर्धा आयोगाने चौदा मोटार कंपन्यांना मिळून अडीच हजार कोटींहून जास्त दंड ठोठावला. सुटे भाग, तांत्रिक माहिती आणि तपासणीची साधनं बाहेरच्या गॅरेजांपासून अडवून ठेवली म्हणून. ही माहिती खुल्या बाजारात द्या असंही सांगितलं. पुढे अपिलं झाली, दंड काही ठिकाणी घटला. डिसेंबर 2022 मध्ये केंद्राने दुरुस्तीच्या हक्काचं पोर्टल सुरू केलं, त्यातही वाहनं आहेत. मामांना यातलं काही माहीत नव्हतं. सांगितल्यावर ते म्हणाले, दंड झाला तो सरकारात गेला, कागद आला का?

आणि लोणावळा-कामशेतच्या या मावळ तालुक्यात या प्रश्नाला एक घरचा पदर आहे.

मामा : तळेगावला शेवरलेची कंपनी आली व्हती, आठवतं? तुझी बारावी व्हायची व्हती.

भाची : 2008. स्पार्क आणि बीट तिथं बनायच्या.

मामा : आमच्याच तालुक्यात बनलेली गाडी. पोरं कामाला लागली, घेतली पण लोकांनी. मंग 2017 ला म्हणाले इथं विकत नाय. तीन वर्षांनी कारखानाही थांबला.

भाची : सर्व्हिस चालू ठेवू असं सांगितलं होतं त्यांनी. काही केंद्रं राहिलीही.

मामा : राहिली असतील. पण गाडी घाटात बंद पडती तेव्हा ती केंद्रापुढं पडत नाय. आता तो कारखाना ह्युंदाईनं घेतला. ह्युंदाईकडं बीटचा पिन डायग्राम मागू का मी?

भाची : नाही, ते कारखाना घेतात. जुन्या गाडीचे नकाशे त्यात येत नाहीत.

मामा : मंग त्या गाडीची मालकी कुणाची? गिऱ्हाइकाची ना? वायर त्याची, डबा त्याचा, कपलर त्याचा. फक्त कुठली वायर काय करती हे त्याचं नाय.

भाची : हे मान्य आहे मला. मी म्हणते तो धोका नव्या गाडीपुरता. कंपनीच गेली तर राखायचं काय?

मामा : झालं की मंग.

भाची : झालं नाही. कंपनी गेल्यावर कागद आणायचा कुठून? तेव्हा कुणी द्यायला उरत नाही. तो आधीच कुठंतरी ठेवलेला हवा. कुठलीही नवी गाडी विकायच्या आधी तिचा नमुना तपासणीला जातो. आपल्याकडं पुण्यात वेताळ टेकडीवर एआरएआय आहे, 1966 ची संस्था. भोसरीला सीआयआरटी आहे. मंजुरी घेताना ब्रेकपासून धुरापर्यंत सगळे कागद द्यावे लागतात. त्यातच हार्नेसचा नकाशा घ्या, पार्ट नंबर आणि कपलर कुठल्या बाजूनं काढलाय त्यासकट. कंपनीनं धंदा बंद केला की तो सगळ्यांना खुला.

हा तिचा विचार. मी त्याला दाद देतो, पण त्यातली मेख मामांच्याच लगेच ध्यानात आली.

मामा : आणि धंदा चालू असंल तोवर?

भाची : तोवर पैसे भरून. काही कंपन्या तसं देतातही, वर्गणी भरून.

मामा : वर्षाची ना वर्गणी? मला वर्षाचं काय करायचंय? माझ्याकडं आज ही गाडी, उद्या ती. सात कंपन्यांची वर्गणी भरायची आणि महिन्याला एक डबा उघडायचा, त्यापेक्षा सोललेली टेप परवडली. मला एका गाडीचा एक कागद लागतो. चॅसिस नंबर देतो, पार्ट नंबर देतो, माझा फोन नंबर घ्या, कागदावर माझं नाव छापून द्या. चोर असला तर पकडा की त्यावरनं.

भाची : एका गाडीचा एक कागद. हे आमच्याकडं कधी कुणी मांडलेलं नाही. पोर्टल, लॉगिन, डीलर, एवढंच बोलतात.

मामा : मांड मंग.

भाची : मांडते. पण ते पहिलं हेच विचारतील की एका कागदाला गॅरेजवाला किती देईल.

मामा : एका नव्या कपलरची किंमत. वरती एक रुपाया नाय.